तिढ्याचे दुखणे आणि राघोचा उंबरा

मी पंढरी बिन महादू भोईर, वय अदमासे एकाहत्तर, पूर्वीचा मिठागराचा मुकादम, राहणार बाळकुम, तालुके ठाणे, पुरत्या शुद्धीत, कोणाच्याही सांगण्यावाचून, स्वहस्ते लिहून ठेवतो ते असे. माझी मान नऊ वर्षे उजवीकडे वळत नाही. तेवढ्यावरून मला कोणी भ्रमिष्ट ठरवू नये. मान वेगळी, डोके वेगळे. कल्याणच्या महिपतराव वैद्यांना हा फरक कळत नाही, म्हणून आरंभीच लिहिला.

माझा प्राण जाताच, तिरडी बांधण्याआधी, हे पत्र चारचौघांत मोठ्याने वाचावे. दहाव्याला वाचून उपयोग नाही.

राहते घर व खाजणातला माझा हिस्सा मुलगा गोविंदा यास. माझा धाकटा भाऊ राघो आणि आम्ही यांच्यामधली भिंत त्याने जाड करू नये.

मीठ ओढायचे फावडे मारुती गाडीवान यास. हा माझा पहिला रोगी. पंचवीस वर्षांमागे एका नाक्यावर कारकून त्यास म्हणाला, "आधी तोलल्याची चिठ्ठी दाखव, मग गाडी काट्यावर घे." चिठ्ठी तर तोलल्यावाचून मिळेना. मारुती सकाळपासून दोन्ही हुकूम डोक्यात धरून उभा. दुपारी त्याची दातखीळ बसली. लोक म्हणाले, ऊन लागले. ऊन बैलांनाही होते, ते खुशाल रवंथ करीत होते. मी एक गोणी रस्त्यात ओतली आणि ओरडलो, "मारुती, ह्या मिठाला ना काटा ना चिठ्ठी!" तो हसला, दात सुटले. तेव्हा मला उमगले, की दोन गोष्टी एकमेकींच्या पायावर पाय देऊन उभ्या राहिल्या की माणसाच्या आत तिढा पडतो, आणि अंगात जिथे जागा सापडेल तिथे दुखणे होऊन बसतो. त्याचा एक पेड बाहेरच्याने तोडावा लागतो. ज्याला पडला त्याला तो तुटत नाही.

अशा बावीस रोग्यांची वही सून तुळसा हिला. एकोणिसावी तीच. नवराबायकोत भांडण झाले, तेव्हा ही म्हणाली, "घरधन्याच्या आधी मी कधी जेवले नाही, आजही जेवणार नाही." गोविंदा म्हणाला, "तू जेवल्यावाचून मी पानाला शिवणार नाही." तिसऱ्या दिवशी पोर भोवळून पडली. वैद्य म्हणाले पित्त. ठाण्याच्या डॉक्टराने हिवतापाचे कडू कोयनेल दिले. उपाशी पोटी कोयनेल! एवढी बुके वाचून माणूस इतका कोरडा कसा राहतो, ते मला अजून कळलेले नाही. मी दोघांना समोरासमोर बसवून दोन्ही हातांनी एकाच क्षणी घास भरवले आणि म्हटले, "आता आधी कोण ते देवाला विचारा." तुळसा पुढे माझ्याजवळ अक्षरे शिकली. वहीतला पुढचा मजकूर तिच्याच हातचा आहे.

महिपतराव वैद्यांस एक नारळ. आत काय आहे ते न फोडता सांगण्याची त्यांना सवय आहे; सांगत बसावे.

आता राघो. नातवाच्या बारशाला माझ्या घरी भरल्या पंगतीत हा म्हणाला, "दादा, भुकेने भोवळ आली तर भाकर द्यावी. त्याला शास्त्र कशाला?" पंगत हसली. मी त्याला बाहेर काढले आणि म्हटले, "तू माझा उंबरा ओलांडल्याशिवाय मी तुझा ओलांडणार नाही." तो अंगणातून ओरडला, "मग दादा, तू माझा ओलांडशील तेव्हाच मी येईन!" त्याचे दार माझ्या उजव्या हाताला. त्या दिवसापासून माझी मान तिकडे वळत नाही, आणि त्याला लागलेली उचकी मला भिंतीतून ऐकू येते. वहीत एकविसावा मी, बाविसावा तो. माझी बायको सगुणा गेली तेव्हा हा गाढव तेरा दिवस अंगणात उभा राहिला, आत आला नाही. रडत होता म्हणतात. मी पाहिले नाही, मान वळेना.

म्हणून माझी शेवटची आज्ञा. तिरडीचा विसावा खाडीच्या वाटेवर न करता राघोच्या दारात करावा. दहा पावलांवरच खाली ठेवावे लागते म्हणून खांदेकऱ्यांनी कुरकुरू नये. माझे दोन्ही पाय त्याच्या उंबऱ्याच्या आत येतील असे ठेवावे. विटाळाचे नाव काढू नकोस, राघो. तू माझा सख्खा भाऊ. सुतक तुला नाहीतरी आहेच. मी आधी आलो. आता माझ्या घरी त्या दिवशी चूल पेटणार नाही. पिठले-भाकरी तू स्वतः घेऊन आत यावे, आणि पोरांना वाढावे.

तुळसाने त्याच्याजवळ बसून उचकी मोजावी. थांबली तर बाविसावी नोंद पुरी करावी. न थांबली तर वही खाडीत टाकावी, आणि राघोला सांगावे की त्याचेच खरे होते. जिवंतपणी मी हे म्हणणार नाही.

मुक्काम बाळकुम, माघ वद्य पंचमी, शके १८०६, तारणनाम संवत्सर.
सही: पंढरी महादू भोईर, दस्तुर खुद्द.

साक्ष: काळुराम धर्मा म्हात्रे, निशाणी नांगर.
साक्ष: तानाजी हिरू पाटील, सही.

ता. क. दुसरी साक्ष राघोची हवी होती. तुळसा कागद घडी करून घेऊन गेली. त्याने न उघडताच परत पाठवला: "दादाला सांग, सही हवी तर स्वतः ये."

येतो आहे.