औसा रोडचे घर सुनेच्या नावे

मी, श्रीमती नागम्मा शंकरप्पा उस्तुर्गे, वय वर्षे शहात्तर, धंदा शेंगदाणा चटणी व मसाले, राहणार औसा रोड, लातूर, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. कोणी सांगितले म्हणून नव्हे, मला वाटले म्हणून. डॉ. शेषेराव यांनी मला आज सकाळी तपासले. वार कोणता, महिना कोणता, असे विचारले. मी सांगितले, आणि त्यांच्या आईला दिलेली चटणी फार तिखट झाली नव्हती ना, तेही विचारले. माझी बुद्धी शाबूत असल्याचा त्यांचा दाखला सोबत जोडला आहे. गुडघे शाबूत नाहीत, पण कायद्याला गुडघ्यांची गरज नसते. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही. कुठून निघालेच तर ते खोटे समजावे.

१. औसा रोडवरील माझे दुमजली घर, अंगणातल्या बोअरसह, मी माझी सून शिवकन्या हिला देते. हे घर माझ्या चटणीच्या धंद्यातून उभे राहिले असून ते वडिलोपार्जित नाही. शिवकन्या आणि माझा मुलगा उमाशंकर गेली नऊ वर्षे वेगळे राहतात. उद्या त्यांची कायद्याने फारकत झाली तरी घर तिचेच राहील. मी ते सुनेच्या नात्याला देत नसून शिवकन्येला देत आहे. दोन्ही एकच असते तर बरे झाले असते.

हे कलम वाचून उमाशंकर विचारील की का. म्हणून कारण लिहिते. वकिलांचे म्हणणे होते की कारण लिहायची जरूर नाही. मला आहे.

शिवकन्या किनवट तालुक्यातल्या इस्लापूरची. वडिलांची कोरडवाहू शेती, शिक्षण किनवटच्या वसतिगृहात आणि नंतर नांदेडला. नांदेडलाच एका केबलच्या बातम्यांच्या ऑफिसात ती कामाला लागली. बातम्या दुसरे सांगत. गाडी कुठून आणायची, कॅमेरा कोणाकडून, सभेला परवानगी कोणाची, हे शिवकन्या बघे. तिथेच उमाशंकरची ओळख झाली आणि लग्न झाले. मुंबईला गेल्यावर ती मालिकांच्या कामात शिरली आणि चार वर्षांत प्रॉडक्शन मॅनेजर झाली.

माझी नात विशाखा लहान होती तेव्हा मी तिला सांभाळायला मुंबईला राहिले. तोवर मला वाटे की टीव्हीवर जे दिसतात तेवढेच लोक टीव्हीत असतात. शिवकन्या पडद्यावर कधीच दिसायची नाही. शेजारणी विचारत, तुमची सून नेमकी काय काम करते? मला सांगता येत नसे. मग तिच्या मालिकेला धबधबा हवा होता, म्हणून तिने सगळे युनिट आमच्या सहस्रकुंडाला आणले आणि मलाही सोबत घेतले. त्या दिवशी मी पाहिले. जनरेटर बंद पडला, हिला विचारा. नायिकेला ताप आला, हिला विचारा. गावातली माणसे कॅमेऱ्यापुढे येऊन बसली, हिला बोलवा. ती कोणावर ओरडली नाही. गावकऱ्यांना म्हणाली, "काका, दहा मिनटं मागं बसा, मग तुमच्याबरोबर चहा घेते," आणि खरेच जाऊन त्यांच्यात बसली. मालिकेत सासूचे काम करणाऱ्या बाईंच्या पाया पडायला बायकांची रांग लागली होती. खरी सासू मी, एका रिकाम्या डब्यावर बसून शेंगा खात होते. घरी आल्यावर मी शेजारणींना सांगितले, "ती नसली तर काहीच हलत न्हाई, हे तिचं काम हाय."

आता आगीचे लिहिते.

मी तेव्हा मुंबईलाच होते. मालिकेत लग्न होते. कागदी आणि कापडी फुलांचा भला मोठा मांडव उभारला होता. वायरी जुन्या होत्या. वायरी बदलेपर्यंत तिथे शूटिंग नको, असे शिवकन्येने कंपनीला दोनदा सांगितले. भाग वेळेवर गेलाच पाहिजे, असे उत्तर आले. दुसऱ्या दिवशी मांडव पेटला. शिवकन्येने सगळ्यांना बाहेर काढले आणि शेवटचा माणूस येईपर्यंत ती दारातून हटली नाही. तो शेवटचा माणूस सत्यम, देगलूरचा लाइटमन. लाइट बंद केल्याशिवाय पाणी मारता येत नव्हते म्हणून तो वर चढला होता. कोणी मेले नाही. सत्यमचे दोन्ही हात भाजले. शिवकन्या घरी आली तेव्हा तिचे कपाळावरचे केस जळालेले होते. मी तेल लावायला गेले तर म्हणाली, "अव्वा, आधी दवाखान्यात डबा द्यायचाय."

तिसऱ्या दिवशी दुपारी कंपनीचे साहेब घरी आले. नाव लिहीत नाही, ते स्वतःला ओळखतील. मी स्वयंपाकघराच्या दारात होते, उमाशंकर खुर्चीत. त्यांनी एक टाइप केलेला कागद पुढे ठेवला. लाइटमन दारू पिऊन होता, त्याने सूचना मोडल्या, असे त्यात होते. शिवकन्येने फक्त सही करायची. पुढच्या महिन्यापासून तिला कंपनीत मोठ्या हुद्द्यावर घेणार होते, केबिन आणि गाडीसह. साहेब फार गोड बोलत होते. सत्यमची सोय करू, असेही म्हणाले.

शिवकन्येने कागद पूर्ण वाचला. मग म्हणाली, "सत्यम शुद्धीत होता. मी तिथं होते. मी सही करणार नाही."

साहेब उमाशंकरकडे वळले. उमाशंकर म्हणाला, "शिवकन्या, कर सही. दुसऱ्याच्या पायी आपला संसार कशाला पणाला लावून राहिलीस?"

तिने कागद घडी करून परत साहेबांपुढे सरकवला. नंतर साहेबांना म्हणाली, "चहा घेऊन जा." बस. त्यांनी चहा घेतला नाही.

नोकरी गेली. ती भांडकुदळ आहे, असे कंपनीने चहूकडे पसरवले. वर्षभर तिला कोणी काम दिले नाही. उमाशंकरने बंगळुरूला बदली मागून घेतली. तू तुझ्या मनाचे केलेस, आता मी माझ्या मनाचे करतो, एवढेच म्हणाला. शिवकन्या इस्लापूरला वडिलांकडे जायची तयारी करत होती. मी म्हणाले, "वरचा मजला भाडेकऱ्याकडून सोडवून घेते. विशाखाला घेऊन तू लातूरला चल." ती म्हणाली, "अव्वा, लोक तुम्हाला बोलतील." मी म्हणाले, "बोलू दे. मला चटणी कुटताना काहीतरी ऐकायला लागतंच."

लोक बोललेच. ती त्याच वरच्या मजल्यावर परत कामाला लागली. हात बरे झाल्यावर सत्यम आला. आधीसारखे काम त्याच्याने होत नव्हते, पण लाइट कुठे लावायचा हे सांगायला बोटे कशाला लागतात? दोघांनी मिळून लातूर आणि नांदेडच्या केबलसाठी दर आठवड्याचा कार्यक्रम काढला. कधी चाकूरच्या बाजारातली एखादी बाई आपला धंदा सांगे, कधी किनवटच्या वसतिगृहातल्या मुली नाटुकले करत. माझ्या उखळासमोरही एकदा कॅमेरा लावला. मी इतकी अवघडले की मीठच टाकले नाही. शिवकन्येने ते तसेच दाखवले. लोकांना फार आवडले, मला नाही.

चार वर्षांनी एका मोठ्या वाहिनीने तिला मुलाखतीला बोलावले. तिथे तिला आगीबद्दल विचारले. तिने जसे घडले तसे सांगितले, कंपनीला शिव्या न देता. वाहिनीच्या मोठ्या बाई म्हणाल्या, "आम्ही हे सत्यमकडून आधीच ऐकलंय. तुम्हीही तेच सांगता का, तेवढं पाहायचं होतं." आज शिवकन्या त्या वाहिनीची निर्मिती प्रमुख आहे. पंधरा दिवस मुंबईला, पंधरा दिवस इथे. हुद्दा हातात आल्यावर तिने पहिला नियम केला तो असा: कुठल्याही सेटवर धोका दिसला तर तिथल्या प्रॉडक्शन मॅनेजरने काम बंद करावे, वरच्या साहेबाला विचारू नये. भाग चुकला तर उत्तर शिवकन्या देणार. दोनदा भाग चुकला आहे. दोन्ही वेळा तिने उत्तर दिले आणि नियम तसाच ठेवला.

मागच्या दिवाळीत उमाशंकर आला होता. घर विकून माझ्याबरोबर बंगळुरूला चल, म्हणाला. मी त्याला हे कलम तोंडी सांगितले. तो म्हणाला, "अव्वा, ती परकी हाय. मी तुझा लेक हाय."

मी म्हणाले, "हाव, तू माझा लेक हायस. म्हणून हे तुला मेल्यावर कळू नये, आत्ता सांगते."

तो जेवला नाही. पण निघताना पाया पडला.

२. उमाशंकरला त्याच्या वडिलांनी चाकूरची जमीन आधीच दिली आहे. मी त्याला त्याच्या वडिलांचे घड्याळ आणि या घरात केव्हाही येऊन राहण्याचा हक्क देते. शिवकन्येने मान्य केले आहे. तो वाईट नाही, भितो. भिणाऱ्या माणसालाही आईच्या घरी ताट लागते.

३. माझ्या पाटल्या आणि बँकेतली ठेव नात विशाखा हिची. तिने काय शिकावे यावर कोणी अट घालू नये. तिला टीव्हीत जायचे नाही, प्राण्यांची डॉक्टर व्हायचे आहे. चांगले आहे.

४. चटणीचा धंदा, चक्की, उखळ आणि नाव हे गुणाबाईला. ती माझ्याबरोबर एकवीस वर्षे आहे आणि तिचा हात माझ्यापेक्षा चांगला आहे, हे तिला मी कधी कळू दिले नाही. आता कळले.

५. माझे हिरवे इरकल लुगडे थोरल्या जाऊबाईंना द्यावे. त्यांनी भर लग्नमांडवात शिवकन्येला नाटकवाली म्हटले होते. पुढे नातवाला वाहिनीत चिकटवा म्हणून त्याच शिवकन्येकडे आल्या. तिने त्याला सगळ्यांबरोबर मुलाखतीला बसवले. तो आपल्या गुणाने लागला, आणि ती ते सगळ्यांना सांगते. ते लुगडे जाऊबाईंना फार आवडते हे मला माहीत आहे. म्हणूनच मी ते त्यांच्यासमोर नेसत असे.

६. या मृत्युपत्राचे व्यवस्थापक कोण, असे वकिलांनी विचारले. शिवकन्या. दुसरे नाव मला सुचले नाही.

७. माझी माती आमच्या रिवाजाप्रमाणे व्हावी. उमाशंकरला सगळ्यांआधी कळवावे आणि तो येईपर्यंत मला नेऊ नये. शिवकन्या त्या दिवशी शूटिंगवर असेल तर तिने अर्ध्यातून उठून धावत येऊ नये. माणसे खोळंबतात, कोणी उन्हात उभे असते. हातातले काम नीट संपवून, सगळ्यांना घरी पाठवून, मग यावे. सून अजून आली नाही, असे कोणी म्हणालेच तर त्याला बसायला खुर्ची आणि चहा द्यावा. मी तिची वाट पाहीन.

वर लिहिलेले सर्व मी वाचून पाहिले असून ते माझ्या मनासारखे उतरले आहे. खाली माझी सही. ती मी दोघा साक्षीदारांसमोर केली आणि त्यांनी माझ्यासमोर. दोघांनाही यातून काही मिळणार नाही, दुपारच्या जेवणाखेरीज.

सही: नागम्मा शंकरप्पा उस्तुर्गे

साक्षीदार:
१. डॉ. शेषेराव माणिकराव जाधव, औसा रोड, लातूर
२. सिंधु वैजनाथ पाटणे, निवृत्त शिक्षिका, शेजारी

ठिकाण: लातूर
दिनांक: १४ नोव्हेंबर २०२५