सतरा नंबरचा डबा

२० जानेवारी

सतरा अजून गॅस सोडतोय! विहिरीतल्या दगडाचे बाकीचे सोळा डबे गपगार. त्यांच्या नळीत एक बुडबुडा यायचा तर माझा चहा संपतो. आणि हा सकाळपासून नुसता बुडबुड, बुडबुड. डोकं उठलं.

हंसाबेन खूश. लॅब त्यांची, नाचणार त्याच. "पंचशीला, आ तो जॅकपॉट छे! सतराचा थर सगळ्यात खोल. हा आकडा दिला की गुजरातची कंपनी अजून दहा गॅसविहिरी खणणार. आणि डबे सगळे आपल्या भाईंदरला!"

मी हं म्हटलं. एक ते सोळा, सगळ्या लेबलांवर माझ्या भावाचं, धम्मूचं अक्षर आहे. सातच्या पोटात आडवी रेघ, शाळेपासूनची खोड. सतराचं लेबल भलत्याच कुणाचंतरी. वाकडंतिकडं, आणि नंबरावर चिखलाचा तपकिरी डाग. तारीख नऊ जानेवारी. म्हणजे धम्मू विहिरीवरचं काम सोडून निघून गेला त्याच दिवशी त्याच्या जागेवर ह्या अडाण्याला उभं केलं. इतकी घाई!

२१ जानेवारी

धम्मूचा फोन बंदच. बारावा दिवस.

२३ जानेवारी

गुजरातला कंपनीच्या माणसाला पुन्हा फोन केला. तेच तुणतुणं. "मॅडम, नऊ तारखेला पहाटेच बॅग उचलून निघून गेला. पळतात पोरं. घर आठवलं असेल." अहो, घर आठवलं तर माणूस घरी येईल ना! पोलिसांनीही तसंच लिहून घेतलं. सज्ञान मुलगा, स्वतःहून गेला. संपलं.

आई मानत नाही. "धम्मपाल काम टाकून उठणारा न्हाई. तू त्याची सख्खी बहीण हायेस ना?" रोज दोन भाकरी जास्त थापते. बेल वाजली की गुडघे धरत आधी तीच दाराशी. दूधवाला असतो, नाहीतर सोसायटीचा वॉचमन.

मला मात्र वाटायला लागलंय, गेला असेल. कंटाळला असेल. नोकरी मीच लावली होती, म्हणून मला सांगायची लाज वाटली असेल. असं वाटलं की त्याचा राग येतो, आणि राग आला की बरं वाटतं. कारण रागवायला माणूस जिवंत लागतो.

२५ जानेवारी

रिगवर, विहीर खणायच्या कामावर जायच्या आधी ओट्यावर बसवून मीच त्याला शिकवलं होतं, बिस्किटाचा डबा समोर ठेवून. तीन किलोमीटर खालून शेल, म्हणजे पापुद्र्यांचा दगड, वर आला की तो गॅस सोडायला लागतो. दगड कापायच्या चक्रावर वीतभर तुकडा कापायचा, डब्यात घालायचा, झाकण आवळायचं. तोवर जो गॅस उडाला तो कायमचा गेला, तो आम्ही इथे फक्त अंदाजाने धरतो. म्हणून झाकण लागल्याची वेळ मिनिटासकट पाहिजे. वेळ नाही तर डबा कचरा. "आभाळ कोसळलं तरी आधी वेळ, मग बाकी," मी म्हटलं.

"हो बाई," म्हणाला. मग विचारलं, "पण ताई, दगडात गॅस येतो कुठून?"

समुद्र होता तिथे, म्हटलं. पाच कोटी वर्षांपूर्वी. मेलेलं सगळं तळाच्या चिखलात बसत गेलं. वारा नाही, उजेड नाही. वर थरावर थर. चिखलाचा झाला शेल आणि मेलेल्यांचा झाला गॅस, पापुद्र्यांत कोंडलेला. आपल्याकडे भाईंदरजवळ चेण्याला खाली नुसता काळा कातळ, लाव्हाचा. त्यात कोणी अडकलेलं नाही.

"म्हणजे मेलेल्यांचा श्वास पकडायचाय मला," म्हणाला आणि हसला.

आई शेजारी त्याचे कामाचे हातमोजे शिवत होती. पांढरा दोरा संपलेला, म्हणून उजव्याच्या मधल्या बोटाला निळा टाका घातला. "रिगवर हसतील गं मला!" "हसू दे. चोरीला तरी जाणार न्हाई."

२७ जानेवारी

हे कुणाला सांगायची सोय नाही. आज सतराच्या नळीपाशी बसले होते. बुडबुडे थांबले. पाच मिनिटं, दहा मिनिटं. मी सहज म्हटलं, "काय रे धम्मू?" आणि तीन आले. लागोपाठ.

लॅबमधली रसिका मागे उभी होती. पांढरीफटक. "ताई, मी त्या टेबलावर रीडिंग नाही घेणार हां." चांगली एमएस्सी झालेली पोरगी! मी तिला झापलं. पण पुढचं रीडिंग मीही उभ्यानेच घेतलं.

२८ जानेवारी

सतराला वास येतोय. दगडातल्या गॅसला वास नसतो.

२९ जानेवारी

सतराचा गॅस मशीनला लावला. दगडातला गॅस म्हणजे मिथेन, तो नावालाच. बाकी कार्बन डायऑक्साइड आणि सडक्या अंड्यांचा तो वायू. तीनदा लावला, तीनदा तेच.

हा पाच कोटी वर्षांचा गॅस नाही. हा वीस दिवसांचा आहे. आत काहीतरी आत्ता सडतंय.

३१ जानेवारी

हंसाबेनचं तोंड उतरलं. मग म्हणाल्या, "अरे, रिगवाले खणायच्या चिखलात स्टार्च घालतात घट्ट करायला. तो दगडाबरोबर आत गेला, सडला. सॅम्पल खराब असं लिही. आणि उघडू नको हां, वास सुटेल. सीधा फेकून दे."

खरं असेल. असं होतं, मी स्वतः पाहिलंय. रिपोर्ट लिहून टाकला.

पण फेकवला नाही. डबा हातात घेतला की तळव्याला आतून काहीतरी हळू टेकल्यासारखं होतं. डबे कायम गरम पाण्यात ठेवलेले असतात, थरथरणारच. हे मीच मला सांगतेय.

आज आईने विचारलं, "तुझ्या त्या डब्यांवर त्याचं अक्षर हाय ना? एक डबा घरी आण की. बघते नुसता."

३ फेब्रुवारी

उघडला. हंसाबेनना न विचारता, दुपारी, लॅबच्या गाळ्याच्या मागे. रसिका नाकाला ओढणी लावून लांब उभी. शेवटचा बोल्ट निघाला आणि झाकण आपोआप उचललं गेलं.

शेलचे पापुद्रे सुटलेले, ओल्या वहीसारखे. त्यात हातमोज्याची दोन बोटं. चक्रावर सरळ कापलेली. घाईघाईत दगडाबरोबर आत गेलेली.

मधल्या बोटाला निळा टाका होता.

ती रिकामी नव्हती.

४ फेब्रुवारी

पोलीस डबा न्यायला आले. त्यांनी पिशवीत घालण्याआधी मी लेबल उन्हात धरलं. डाग चिखलाचा नव्हताच. त्याच्याखाली सतरा दिसला, सातच्या पोटात आडवी रेघ.

९ जानेवारी, दुपारी ४.२५. डाव्या हाताने लिहिलंय. मिनिटासकट.