बिरप्पाची पोच

५ मे
जुळे सोलापुरात खोली मिळाली, तीही गच्चीसकट! ऑफिस स्कूटीवर जवळच. कंपनीचे मालक महेश्वर सरांनी पहिल्याच दिवशी कडक भाकरी न् शेंगाचटणी खाऊ घातली.
उजनी धरणाकाठचे शेतीपंप आम्ही इथून संगणकावर चालवतो. प्रत्येक पंपाला एक पेटी. ऑफिसने विचारायचं, पेटीने उत्तर द्यायचं. प्रत्येक संदेशाची पोच घ्यायची, नाही आली तर पुन्हा पाठवायचं. पाण्यात उतरणाऱ्याने पेटीची चावी फिरवली की इथे 'माणूस पाण्यात' असं दिसतं आणि पंप सुरू होत नाही. किती शहाणी भाषा! कॉलेजात शिकलेलं पहिल्यांदा कामाला आलं.

९ मे
आज 'माणूस पाण्यात' आलं, विचारलेलं नसताना. ज्या पेटीचा नंबर दिसतोय ती ऑफिसात माझ्या मागच्या फळीवर धूळ खात पडलीय, वायर तोडलेली. सरांचा चेहरा उतरला. जुना कचरा आहे म्हणाले, तो नंबर अडवायला सांगितला. मी अडवला.

१३ मे
अडवूनही येतंय. मेकॅनिक अभिमन्यूने टपरीवर नेऊन हळूच सांगितलं. ती पेटी बिरप्पाच्या पंपाची. गेल्या वर्षी तो चावी फिरवून पंपाच्या तोंडावरची जाळी साफ करायला पाण्यात उतरला. पण रेंज नसली की पंप अडकायचे, शेतकरी ओरडायचे, म्हणून सरांनी पोच तपासणंच काढून टाकलं होतं. बिरप्पाचा संदेश वाटेत हरवला, ऑफिसने पंप सुरू केला आणि तो गेला. मग पोच गुपचूप परत सुरू झाली. कंपनीने लिहून दिलं, तो प्यालेला होता.

१६ मे
त्या पंपावर जाऊन आले. बिरप्पाची बायको गोजाबाई शेजारच्या केळीत कामाला आहे. डोळ्यांत पाणी नाही, नुसता विस्तव.
"चावी फिरवली व्हती, ताई. मी बगितली की. दारूचा थेंब न्हवता. त्याला जबाब कोन देनार?"


१९ मे, सकाळ
सगळ्याच पेट्या 'माणूस पाण्यात' म्हणतायत. एकही पंप सुरू होत नाही. केळी करपतेय, फोन थांबत नाहीत. सर चिडून स्वतःच बिरप्पाच्या पंपावर गेलेत, जाळी उचलून बघायला.

दुपार
मी काहीही दाबलं नव्हतं. पंप आपोआप सुरू झाला. सर पाण्यात. 'बंद' पाठवलं — पोच आली. पुन्हा 'बंद' — पोच. पंप चालूच. सरांचा फोन लावला, काठावर गोजाबाईने उचलला. मागे किंकाळ्या. मी ओरडले, मेन स्विच ओढा, इथे पोच आलीय तरी बंद होत नाही.
ती शांतपणे म्हणाली, "तुमाला आली व्हय? आमाला न्हवती आली."
आणि फोन ठेवला.

२० मे
सर गेले. पोलीस विचारतात, पोच कुठल्या पेटीने दिली. कसं सांगू — फळीवरच्या —

२१ मे
ऑफिसात एकटी. संगणक बंद. पेटीला वायर नाही, तरी दिवा लुकलुकतोय. आता ती विचारते. माझ्या फोनवर. 'अडवलं कुणी?'
लिहिलं — सरांनी. पोच नाही. पुन्हा तोच प्रश्न. पुन्हा —
लिहिलं — मी.
पोच आली. लगेच.
फरशी ओली — पंपाची घरघर, इथे, ऑफिसात — दार ओढतेय, आतूनच कुणी धरून — चावी, चावी कुठे फिरवाय—