विनासंमती कापलेला पेरू

३ फेब्रुवारी, मंगळवार

पेरू कापला. छाटला नव्हे — कापला.

डोळे तपासून अकराच्या सुमारास परत आले. बाहुल्या मोठ्या करायचे थेंब घातलेले, त्यामुळे सगळंच भगभगीत दिसत होतं. स्वयंपाकघरात शिरले तर ओट्यावर ऊन. वाटलं, थेंबांचाच प्रताप. त्या ओट्यावर या वेळेला कधी ऊन पडत नाही. खिडकीशी जाऊन पाहिलं — झाड नाही. छातीइतक्या उंचीचा बुंधा, त्याला तीन तोकडे हात, आणि प्रत्येक कापल्या तोंडावर निळसर लेप. शेजारी माझा धाकटा भाऊ. केसांत भुसा, हातात करवत.

"ताई, आधी बस," म्हणतो. मी काय पाहुणी आहे?

याला म्हणे पुनरुज्जीवनाची छाटणी म्हणतात. म्हातारं झाड खाली घेतलं की नवं फुटतं. आयुष्यभर दुसऱ्यांच्या इमारतींचे नकाशे काढले, आणि आता मोबाइलवर बघून झाडांचा सर्जन झाला. मधली सगळ्यांत जाड फांदी तर जागेवरही नव्हती. मी यायच्या आत हातगाडीवर घालून देऊनही टाकली. इतकी कसली घाई?

पेरू माझा. मी नोकरीत कायम झाले त्या वर्षी लावलेला. घरही माझं, बाबांनी माझ्या नावावर केलेलं. दोन वर्षांपूर्वी याची बायको गेली, तेव्हा वरचा मजला मीच झाडूनपुसून दिला. राहा म्हटलं होतं. कापाकापी कर असं म्हटलं नव्हतं.

४ फेब्रुवारी, बुधवार

बोलत नाही त्याच्याशी. तोही बोलत नाही. पण त्याचं न बोलणं आरोपीचं आहे.

६ फेब्रुवारी, शुक्रवार

फ्रिजवर चिठ्ठी सापडली. ‘ताई, बुंध्यावरचा लेप धुऊ नकोस. मोरचूद आणि चुना आहे, हाताला लागेल.’ अक्षर नकाशावरच्यासारखं, एकेक सुटं. मी खाली लिहिलं, ‘सर्जननी कापण्याआधी नातेवाइकांशी बोलायची पद्धत आहे.’

संध्याकाळी चिठ्ठी गायब.

ओट्यावर ठेवलेलं लोणी उन्हाने वितळलं. हेही त्याच्याच खात्यावर.

९ फेब्रुवारी, सोमवार

भाचीचा फोन. बापाने कान भरले असणार असं वाटलं होतं, पण नाही, ती माझ्यावरच वैतागलेली. "आत्या, बाबा फोनवर नीट बोलत नाहीत. काय झालंय तुमचं?"

सांगितलं.

"अगं, झाडच ना ते? आणि बाबा म्हणतात परत फुटेल."

"उद्या तुझे केस कुणी झोपेत भादरले तर तेही परत फुटतील. चालेल?"

हसली. मला हसू आलं नव्हतं. चौतीस वर्षं मी ऑपरेशन थिएटर सांभाळलं. नखात शिरलेला काटा काढायचा असला तरी कागदावर सही झाल्याशिवाय मी चाकू पुढे करत नसे. मोठमोठे सर्जन हात पुढे करून उभे राहायचे आणि मी विचारायची, "सही झाली?" चिडायचे. पण थांबायचे. आणि हा माझा सख्खा भाऊ, मी डॉक्टरकडे गेलेली पाहून कापून मोकळा! म्हणजे विचारलं तर मी नाही म्हणेन हे त्याला पक्कं ठाऊक होतं. मला राग झाडापेक्षा या गोष्टीचा जास्त आहे. वेळ बघून केलं.

शाळेत आमच्या नन्स दुसऱ्याच्या कंपासला न विचारता हात लावला तरी बोटांवर पट्टी मारायच्या. हा मुलांच्या शाळेत होता. तिथे पट्ट्या कमी असाव्यात.

१२ फेब्रुवारी, गुरुवार

आज बोलले. जिन्याशी गाठून सांगितलं, "या महिनाअखेर वरचा मजला रिकामा कर. मुलीकडे जा, नाहीतर भाड्याने बघ कुठे."

पायातली चप्पल बघत म्हणाला, "बरं."

बरं! बासष्ट वर्षांचा माणूस. भांडला असता, दोन शब्द ऐकवले असते, तर मीही चार ऐकवले असते आणि कदाचित तिथेच मिटलं असतं. "बरं" म्हटल्यावर पुढे काय बोलणार?

जेवायला बोलावलं नाही. ताट झाकून जिन्यावर ठेवलं.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

रिकामं ताट घासून ठेवलेलं होतं.

१७ फेब्रुवारी, मंगळवार

वर खोकी भरणं चाललंय. चिकटपट्टी ओढल्याचा आवाज सकाळपासून — चर्र, चर्र. दात शिवशिवतात माझे. पुस्तकं, नकाशे ठेवायच्या पत्र्याच्या नळ्या, बायकोचं शिलाईमशीन. ते मशीन मुलीच्या घरात कुठे ठेवणार हा? दोन खोल्यांचं घर तिचं, त्यात दोन पोरं. मी विचारायला जाणार नाही.

सकाळी मी उठायच्या आत बुंध्याला पाणी घालतो. माती ओली असते आणि झारी जागेवर नसते. एवढी काळजी होती तर करवत कशाला उचललीस?

२२ फेब्रुवारी, रविवार

फुटलाय पेरू.

लेपाच्या खाली, साल फाडून, गहूभर लालसर कोंब. चष्मा बदलून मोजले. अकरा. एका हातावर सहा, दुसऱ्यावर चार, तिसऱ्यावर एकच. बोट लावणार होते, मग लावलं नाही.

वरच्या खिडकीत तो उभा होता. मी बघितलं तसा आत सरकला. बघू दे. पेशंट वाचला म्हणून विनासंमती ऑपरेशन योग्य ठरत नाही. थिएटरमध्येही नाही आणि परसातही नाही. त्याला काही सांगितलं नाही. त्याला आधीच दिसलं असणार.

२६ फेब्रुवारी, गुरुवार

माळी आला. तीन आठवडे लेकीच्या बाळंतपणासाठी गावी होता. जाण्याच्या आदल्या दिवशी पेरू कापायला हाच मदतीला होता, हे मला आज कळतंय! लिंबाच्या आतल्या वाळक्या काटक्या काढत होता. मी त्याला फैलावर घेतलं.

"तुम्ही दहा वर्षं येता इथे. एका शब्दाने मला विचारायचं नाही?"

"साहेब म्हणाले होते बाईंना सांगू नका."

"काय सांगू नका?"

छाटणीची कात्री मिटून खिशात घातली त्याने. मग म्हणाला, "बाई, मधली फांदी आतून गेली होती. हात कोपरापर्यंत आत जायचा. भुसा आणि मुंगळे नुसते. जोराचा वारा आला असता तर तुमच्या ओट्यावरच आली असती, खिडकीसकट. कूज बुंध्यात उतरायच्या आत खाली घेतलं म्हणून झाड राहिलं."

मी तिथल्या दगडावर बसले.

"एवढी कशाने कुजली?"

"जुनी फांदी कापलेली होती कुणीतरी वर. बरीच वर्षं झाली असतील. कापताना वीतभर खुंट ठेवला होता. झाडाला खुंट ठेवायचा नसतो, बाई. फांदी जिथून फुटते तिथेच, अगदी लगत कापायची. मग साल चढते त्याच्यावर. खुंट वाळतो, पाणी धरतो आणि सगळं आत सोडतो. कापणारा अडाणीच होता कोणीतरी. साहेबांना विचारलं, तर म्हणाले, जुनं आहे, सोडून दे."

म्हणजे झाड खरंच आजारी होतं. मग लपवलं कशाला? आजारी आहे हे कळलं असतं तर मी सही केली असती. उद्या विचारते.

२७ फेब्रुवारी, शुक्रवार

वर गेले. या महिन्यात पहिल्यांदाच. खोक्यांमधून वाट काढत.

"पोकळ होता तर सांगितलं का नाहीस?"

"तू आत बघितलं असतंस."

"बघितलं असतं. मग?"

"मग काही नाही."

"वरची ती फांदी कुणी कापली होती? खुंट कुणी ठेवला?"

"वायरवाले असतील," म्हणाला आणि खोक्यावर नाव लिहायला लागला.

वायरवाले! विजेची तार रस्त्याच्या बाजूला आहे. पेरू मागच्या अंगाला. घराचा नकाशा याला माझ्यापेक्षा चांगला माहीत. म्हणजे माझ्या तोंडावर खोटं बोलला. उद्या नऊला त्याची गाडी येणार आहे. खोटं बोलूनच जायचं ठरवलं असेल तर जावं.

२८ फेब्रुवारी, शनिवार

सकाळी मागच्या दारात चहा पीत उभी होते. वर गच्चीची पन्हळ दिसली. पूर्वी पेरूची एक फांदी तिच्यात घुसायची, पाणी तुंबायचं.

ती मी कापली होती. चौदा वर्षांपूर्वी, सुट्टीच्या दिवशी, स्वतःच्या हाताने. वीतभर खुंट मुद्दाम ठेवला. पाय कापताना आमचे सर्जन ठेवायचे तसा — जमेल तितका लांब, पुढे नकली पाय बसायला. केवढी खूश होते मी त्या कापण्यावर!

गाडीवाल्याला फाटकातूनच परत पाठवलं. वर गेले. तो शिलाईमशीनला चादर गुंडाळत होता.

"ती फांदी मी कापली होती," म्हटलं.

"माहीत आहे," तो म्हणाला. "शिडी मीच धरली होती."