जिनिंगच्या आगीनंतरचा फोटो

बाबा, यवतमाळात कापसाच्या जिनिंगला आग लागली, त्या दिवसांबद्दल आपण दोघं नंतर कधी बोललोच नाही. मी रुसले होते आणि तुम्हाला रुसवे काढता येत नसत. रुईच्या गठाणी पेटल्या, वाऱ्याने आग मागच्या वस्तीवर गेली. माणसं वाचली, घरं गेली. सकाळी तुम्ही स्टुडिओ बंद ठेवून कॅमेरा घेऊन निघालात आणि मी कॉलेज बुडवून मागे आले. वाकलेले पत्रे, काळ्या भिंती, वितळलेली भांडी, एकेक टिपत होतात. "सरकारले दिसलं पाह्यजे काय गेलं ते," एवढंच म्हणालात.

रोलमध्ये एकच फोटो उरला, तेव्हा नागपूरचा एक पेपरवाला आला. राख उकरणाऱ्या एका बाईकडे बोट दाखवून म्हणाला, "हिला डोक्याला हात लावून रडायला सांगा न. उद्या पहिल्या पानावर तुमचं नाव!" मला तर तुमचं नाव छापलेलं दिसायलाही लागलं होतं. तुम्ही शांतपणे म्हणालात, "घर जळलं तिचं. आता रडणंबी आपणच शिकवाचं काय तिले?"

बाईने ते ऐकलं. "थांबा भाऊ, तोंड धुतो. असा काजळीचा फोटो कायले?" ती गेली. तुम्ही कॅमेरा खाली धरून थांबलात. पेपरवाला कंटाळून निघून गेला. धम्मदीक्षेच्या वेळची पांढरी साडी तेवढी तिच्या पेटीत वाचली होती. ती नेसून आली आणि घराच्या उरलेल्या चौकटीत उभी राहिली. तुम्ही सवयीने म्हणालात, "मान जरा वर, बाई."

"वरच हाय न, भाऊ."

तुम्ही हसलात आणि बटण दाबलंत.

घरी मी चुलीपाशी धुसफुसत होते, "पेपरात नाव आलं असतं!" भाकरी मोडता मोडता तुम्ही म्हणालात, "दुकानाच्या पाटीवर हाय न नाव. अजून किती जागी पाह्यजे?" मला ते मुळीच पटलं नाही. कितीतरी दिवस मी तुमच्याशी कामापुरतंच बोलत होते.

आता पटतं, पण अर्धंच. त्या बाईंची नात मी शिकवते त्या शाळेत शिकली. परवा तिच्या लग्नाला गेले, तर घरात समोरच तो फोटो, हार घातलेला. बाई गेल्या, पण चौकटीत तशाच उभ्या आहेत. पाहुण्यांपैकी कुणीतरी विचारलं, हा काढला कोणी? इतका अभिमान मला आयुष्यात कधी वाटला नव्हता, बाबा. हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही, म्हणूनच सांगते. मी तुमचं नाव इतक्या मोठ्याने सांगितलं, की बाहेरचे बँडवालेसुद्धा वाजवायचे थांबले.