माइक बंद होता

४ जानेवारी, सकाळ
आजपासून रोजनिशी. ही कोणी वाचायची नाही. रत्नाला चष्म्याशिवाय वाचता येत नाही आणि तिचा चष्मा बहुतेक वेळ माझ्याच डोळ्यांवर असतो.
निमित्त मोठं आहे. अमळनेरच्या आमच्या शाळासोबत्यांची मैफल ठरली. सव्वीस जानेवारी, झेंडावंदन आटोपून सकाळी अकराला. कुठे जायचं नाही, 'बैठक' नावाच्या अ‍ॅपवर जमायचं. तिथे नुसता आवाज असतो, चेहरे दिसत नाहीत. नावाखाली गाव दिसतं. प्रत्येकाने शाळेतली एक कविता पाठ म्हणायची. पुस्तक समोर ठेवायचं नाही. मी 'गाडीवान' म्हणणार. दुसरं कोण म्हणणार?
रुपचंदने लगेच ग्रुपवर विचारलं, तेव्हाभाऊ, या वेळी पूर्ण ना? खाली सगळ्यांचे हसरे चेहरे.
मला सगळे तेव्हाभाऊ म्हणतात. जुन्या आठवणींचा साठा माझ्याकडे, 'तेव्हा असं होतं, तेव्हा तसं होतं' हे सांगणारा मीच, म्हणून. मानाचं नाव आहे. सातवीतच पडलं.

४ जानेवारी, दुपार
'पूर्ण ना'चा विषय मनातून जात नाही, म्हणून नोंद करून ठेवतो. सातवीत, सव्वीस जानेवारीलाच, पटांगणात पाठांतर स्पर्धा होती. 'गाडीवान'ची माझी दोन कडवी अप्रतिम गेली. तिसऱ्याच्या पहिल्या शब्दाला माइक बंद पडला. रुपचंदचा पहिला नंबर आला. आज तो अमळनेरात तेलाचं दुकान चालवतो आणि अजून तो नंबर सांगतो. माझ्यामागून हेडसरांचं भाषण त्याच माइकवर पाऊण तास झालं. मधल्या वेळात तो आपोआप सुधारला असावा. तेव्हाची यंत्रं तशीच होती.

६ जानेवारी
माझ्या फोनवर 'बैठक' चालत नाही. फोन जुना आहे म्हणे. रत्ना म्हणाली, मन्हा फोनवर त लगेच उघडस. खरंच उघडलं. पण तिच्या फोनवरून बोलणाऱ्याचं नाव 'रत्ना भजनी मंडळ' असं दिसतं. नाव बदलता येतं म्हणाली. पन्नास बाया तिला त्या नावाने ओळखतात, म्हणून मीच नको म्हणालो. मन मोठं ठेवावं.
दीपकला पुण्याला फोन केला. म्हणालो, अरे, पाटबंधारे खात्यातून रिटायर झालो तेव्हाचा कॉम्प्युटर घरात आहे, त्यावर होईल का? तो म्हणाला, नाना, हे अ‍ॅप फक्त मोबाइलचं आहे, कॉम्प्युटरवर एम्युलेटर टाकावा लागेल, तुम्ही त्या फंदात पडू नका, आईचा फोन घ्या. 'एम्युलेटर' या शब्दानंतर रेंज गेली असावी. मला काही ऐकू आलं नाही.

७ जानेवारी
एम्युलेटर म्हणजे कॉम्प्युटरच्या पोटातला फोन. काय कल्पना आहे! यावर कविता होऊ शकेल.
डाउनलोड चालू. संध्याकाळपर्यंत काम फत्ते. उरलेले दिवस हावभावांना.

७ जानेवारी, संध्याकाळ
डाउनलोड चालू.

८ जानेवारी
एम्युलेटर आला. उघडला. एक पाटी झळकली: व्हर्च्युअलायझेशन बंद आहे.
शब्दकोशात पाहिलं. आभासीकरण. माझ्या घरात आणि आभास बंद? चौकशी केली तर कॉम्प्युटर सुरू होतानाच एक बटण दाबत राहायचं, आत निळा पडदा येतो, तिथे ते चालू करायचं. दाबत राहिलो. तीनदा उशीर झाला, एकदा आधीच दाबलं गेलं. शेवटी निळा पडदा आला. सगळं इंग्रजी आणि उंदीर चालेना. बाणांच्या बटणांनी गाडी हाकत नेली. चालू केलं.
रत्ना भरताची वांगी भाजत होती. धुराने डोळ्यांत पाणी आलं. तिला वाटलं कॉम्प्युटर जळाला. आनंदाने पळत आली.

९ जानेवारी
एम्युलेटरमध्ये 'बैठक' बसवलं. बोट ठेवलं की उघडतं आणि मिटतं. लाजाळूच्या पानासारखं. पुन्हा ठेवलं. पुन्हा मिटलं. दुपारभर हेच.
दोष अ‍ॅपचा आहे.

११ जानेवारी
दोष अ‍ॅपचा नाही, पोटातल्या फोनचा. तो जुन्या अँड्रॉइडचा निघाला. म्हणजे जुन्या फोनला कंटाळून मी कॉम्प्युटरमध्ये आणखी एक जुना फोन बसवला. दीपक फार हसला. म्हणाला, नाना, नव्या व्हर्जनचा दुसरा बनवा, किंवा आईचा फोन घ्या. दुसरा बनवतोय.
पाठांतर करायचं राहिलं. गरजही नाही. ते रक्तात आहे.
वाट चढणीची लांब, कंदिलात तेल थोडे,
चाकाखाली कुरकुरे, वारा घोंगडीला ओढे.
काय ओळी! मराठीचे सर म्हणायचे, वाऱ्याने घोंगडी ओढली की तुम्हीही अंग चोरा. उद्या म्हणून बघतो.

१३ जानेवारी
नव्या फोनात 'बैठक' उघडलं! पण काळं. नुसता काळा पडदा. मागे कुठेतरी माणसं बोलल्यासारखी वाटली, पण तो शेजारचा टीव्ही होता.

१४ जानेवारी
संक्रांत. तिळगूळ घ्यायला आलेल्या प्रत्येकाला काळा पडदा दाखवला. एक जण म्हणाला, कॅश साफ करा. दुसरा म्हणाला, ग्राफिक्सचा मोड बदला. भजनी मंडळाच्या भिकुबाई म्हणाल्या, नाना, मीठ-मोहरी ओवाळा. क्रमाने तिन्ही केलं. मोड बदलल्यावर पडदा उजळला. भिकुबाईंना मात्र वाटतं त्यांच्याचमुळे.

१५ जानेवारी
उघडतं पण गोगलगाय. कुठेतरी वाचलं, एम्युलेटरला जास्त मेमरी द्यावी. हात आखडता घेणं माझ्या स्वभावात नाही. सगळी देऊन टाकली. आता कॉम्प्युटरला स्वतःचं काहीच आठवत नाही. बंदही होईना. वायर उपटली.
रत्ना म्हणाली, जेवाले चाला, कळनानी भाकर थंडी व्हयनी. चिडून गेलो नाही. नंतर गेलो. थंड होती.

१७ जानेवारी
निम्मी मेमरी परत घेतली. चाललं! 'बैठक'मध्ये मी आलो. नाव: जीवराम. नावाखाली गाव: कॅलिफोर्निया.
रुपचंदने लगेच ग्रुपवर लिहिलं. तेव्हाभाऊ अमेरिकेला गेला आणि सांगितलं नाही? तिकडे आता सकाळ की रात्र?
खरं सांगणारच होतो. पण दोघातिघांनी अभिनंदन केलं. दुपारपर्यंत राहू दिलं.

१८ जानेवारी
पोटातल्या फोनला वाटतं की तो अमेरिकेत आहे. नकाशा उघडून त्याला आपण कुठे आहोत ते सांगावं लागतं. आमच्या धुळ्यावर टाचणी लावायची एवढंच काम. नकाशा सरकवता सरकवता अमळनेर आलं. बोरी नदी आली. पूल आला. मग शाळेचं छप्पर. वरून पाहिलं तर केवढंसं! पटांगण दिसलं. लिंबाचं झाड आहे की सावली, कळलं नाही. स्टेज जिथे बांधायचे तिथेच टाचणी लावली.
आता मी नकाशावर शाळेच्या पटांगणात उभा आहे. दिवसभर कुठे जावंसं वाटलं नाही. रत्नाने बाजारात जायला सांगितलं तेव्हा चमत्कारिक वाटलं.

२० जानेवारी
नूतनचा मेसेज. बोदवडला असते, मुख्याध्यापिका होऊन निवृत्त झाली. लिहिलं होतं, 'गाडीवान'ची वाट पाहतेय. स्पर्धेच्या दिवशी ती पहिल्या रांगेत होती. माइक बंद पडला तेव्हा ओठांनी पुढचे शब्द सांगत होती. मला ते येतच होते, पण तिला वाईट वाटू नये म्हणून मी तिच्याकडे पाहत राहिलो.

२२ जानेवारी
माझा आवाज जात नाही. कॉम्प्युटरला ना माइक ना स्पीकर. हेडफोन आणला, त्याला पुढे माइकची दांडी आहे. रत्ना म्हणाली, विमान चालावतस का? दुर्लक्ष केलं. वायर जरा आखूड आहे. चालेल. मी काही नाचणार नाही.

२४ जानेवारी
दीपकशी बोलून चाचणी घेतली. आवाज स्पष्ट. तो म्हणाला, मानलं नाना तुम्हाला. वर म्हणाला, तरी आईचा फोन चार्ज करून जवळ ठेवा. ही आजची पिढी.
आता हावभाव. तिसरं कडवं: 'तेव्हा'ला उजवा हात लांब पुढे, मान वर, डोळे मिटलेले. सरांनी शिकवलेलं. चेहरा दिसणार नसला तरी हाताशिवाय 'तेव्हा' निघत नाही.
तेव्हा गाडीवान म्हणे, पुढे गाव आहे, आहे;
दिवा दिसो वा न दिसो, वाट पायांखाली राहे.
पहिल्या प्रयत्नात आलं. दुसऱ्या प्रयत्नात म्हणायला हवं, पण पहिला मोजत नाही.

२६ जानेवारी, दुपारी साडेबारा
लगेच लिहितो. झालं! पाचही कडवी! कुठे अडखळलो नाही. रत्नाला तिच्या फोनवर ऐकायला बसवलं होतं, स्वयंपाकघरात. माझा नंबर आल्यावर उभा राहिलो. 'वारा घोंगडीला ओढे' म्हणताना अंग चोरलं. 'तेव्हा'ला हात पुढे टाकला, डोळे मिटले, आणि नंतर कविताच मला घेऊन गेली. आणि काय शांतता! टाचणी पडली असती तर ऐकू आली असती. पन्नास वर्षांनी शाळा माझ्यासाठी गप्प बसली. शेवटच्या ओळीनंतरही कोणी बोललं नाही. मीही डोळे उघडले नाहीत.
रत्ना दारात येऊन उभी आहे. काहीतरी सांगायचंय म्हणते. थांब म्हणालो, लिहितोय.

२६ जानेवारी, दुपारी तीन
वायर निघाली होती. 'तेव्हा'ला हात टाकला तेव्हाच. दांडीचा माइक आणि कानातला आवाज, दोन्ही एकदम गेले.
रत्ना म्हणाली, तुमना आवाज घरमा येत व्हता, फोनमा नही. फोनवर सगळ्यांनी फक्त 'तेव्हा' ऐकलं. मग काहीच नाही. नावाखाली 'अमळनेर, शाळेचं पटांगण' दिसत होतं. रुपचंद म्हणाला, अरे, हा खास तिथे जाऊन उभा राहिलाय, आणि त्याच जागी, त्याच शब्दाला! कोणी हसलं नाही म्हणे. मग नूतनने हळूच सांगितलं, 'गाडीवान म्हणे'. थोडा वेळ वाट पाहिली. पुन्हा सांगितलं. मग तिनेच कडवं उचललं आणि एकेक करून बठ्ठासनी, म्हणजे सगळ्यांनी, धरलं. रुपचंदनेसुद्धा. शेवटपर्यंत सगळ्यांनी मिळून म्हटली.
विचारलं, कसं वाटत होतं? रत्ना म्हणाली, भलतं चांगलं. रडू उनं माले.
मी ते ऐकलं नाही.

२७ जानेवारी
ग्रुपवर लिहिलं: माइक बंद होता.
रुपचंदचं उत्तर: हो रे तेव्हाभाऊ. तेव्हाही बंदच होता.
नूतनने लिहिलं, होतं असं, मनाला लावून घेऊ नका. म्हणजे तीसुद्धा.
रत्नाने कोणाला न विचारता आपल्या फोनवरून आवाज पाठवला. त्यासनी बठ्ठी कविता म्हनी, मी सोता ऐकी. त्यावर रुपचंदने लिहिलं, वहिनी, नवऱ्यासाठी एवढं करावंच लागतं. हात जोडलेले. बाकीच्यांनीही हात जोडले.
दीपकला फोन केला. तो म्हणाला, नाना, सोडा ना, कोणाला काय फरक पडतो?
एम्युलेटर काढून टाकला. काढताना त्याने विचारलं, नक्की का? नक्की म्हणालो.
पण या वेळी माइक खरोखर बंद होता.