आठवड्यातून तीनदा बांगडा

३ फेब्रुवारी
कंपनीची मेडिकल झाली. ट्रायग्लिसराइड ३८०. डॉक्टर म्हणाले, तेलकट मासे खा. बांगडा, तारली, आठवड्यातून तीनदा. त्यातलं ओमेगा-थ्री रक्तातली चरबी उतरवतं, हृदयाला चांगलं. सहा आठवड्यांनी पुन्हा तपासणी. आकडा उतरला नाही तर क्रेनवरून खाली, गेटवर ड्युटी. बावीस वर्षं केबिनमध्ये काढली, आता गेटवर बसू? मनावर घेतलं की मी काहीही करू शकतो. परवापासून सुरू.

५ फेब्रुवारी, दुपार
बायको मासे खात नाही. वासानेही तिला मळमळतं. तरी पहाटे उठून, नाकाला ओढणी बांधून तिने बांगडा शिजवला. डबा नेहमीसारखा दोरीने वर ओढून घेतला. काटे फार. इतक्या उंचावर घशात काटा अडकला तर मला खाली कोण उतरवणार? सेफ्टी आधी. डबा परत खाली सोडला. खालच्या सिग्नलवाल्याने त्याचे तळलेले बटाटे वर पाठवले. आजच्यापुरतंच.

१७ फेब्रुवारी
थकवा. सिग्नलवाला सकाळीच विचारतो, आज बांगडा का तारली. त्याचं मन मोडवत नाही. माशाचे फायदे सावकाश दिसतात असं वाचलं. म्हणजे घाई नाही.

२८ फेब्रुवारी
बायकोने विचारलं, मासे कसे झाले होते. फक्कड, म्हणालो. खोटं कुठे? सिग्नलवाला तसंच म्हणाला होता. ती इतकी खूश झाली की मलाच कसंतरी झालं.

११ मार्च, दुपार
पाच दिवसांत कसर भरून काढायची. डबाबंद तारलीचे चार डबे आणले. एक उघडला. मासे खाली पाठवले, तेल ब्रेडला लावून खाल्लं. गुण शेवटी तेलातच ना? बाकीचे तीन पुढच्या महिन्यात.

१७ मार्च
४१०. सिग्नलवाल्याचीही तपासणी होती, त्याचा रिपोर्ट झकास. डॉक्टरांनी विचारलं, मासे खाल्ले का. सोबत आलेली बायकोच म्हणाली, अठरा डबे, एकही वार चुकला नाही. डॉक्टर गंभीर झाले. एवढं खाऊनही आकडा चढतो म्हणजे प्रकरण वेगळं दिसतंय, म्हणाले. हृदयाच्या सगळ्या तपासण्या लिहून दिल्या. सहा महिने क्रेन बंद. मी तोंड उघडलं, पण बायकोचे डोळे भरून आले होते. मिटलं. लाज वाटली.

१८ मार्च
गेट. सकाळी तिला खरं सांगणार होतो. त्याआधी तिनेच जाहीर केलं, आता रोज मासे, आणि गेट जमिनीवरच आहे तर डबा ती स्वतः आणणार. साडेबाराला आली. समोर बसली. मळमळत होतं, तरी हलली नाही. मी सगळं खाल्लं. पहिल्यांदाच खाताय असं तोंड काय करताय, म्हणाली.